शब्दाच्या जागी शब्द: पर्यायांनी होणाऱ्या पुनर्लेखनाचा आढावा

विरोधी पक्षाने कांद्याच्या भावावरून सरकारला धारेवर धरले. वर्तमानपत्रात दर वर्षी कधी ना कधी वाचायला मिळणारे हे साधे वाक्य. आता यातल्या प्रत्येक शब्दाच्या जागी कोशातला दुसरा शब्द बसवून पाहू. 'विरोधी'ऐवजी 'प्रतिकूल'. 'पक्ष' म्हणजे 'पंधरवडा'. कांद्याला संस्कृत वैद्यकात 'पलांडू' म्हणतात. 'भाव' म्हणजे 'भावना', 'सरकार' म्हणजे 'शासन', 'धार' म्हणजे 'प्रवाह' आणि 'धरले' म्हणजे 'पकडले'. तयार होणारे वाक्य असे: प्रतिकूल पंधरवड्याने पलांडूच्या भावनेवरून शासनाला प्रवाहावर पकडले.

यातली एकही जोडी खोटी नाही. प्रत्येकीला कोणत्या ना कोणत्या कोशाचा आधार देता येतो. तरीही बातमी नाहीशी झाली, आणि ती दर शब्दागणिक वेगळ्या कारणाने नाहीशी झाली. 'पक्ष' या शब्दाला पंख, पंधरवडा, बाजू आणि राजकीय संघटना असे अर्थ आहेत. शेजारी 'विरोधी' असला की वाचकाच्या मनात बाकीचे अर्थ उमटतही नाहीत. शेजारी 'पितृ' असता तर पंधरवडाच उमटला असता. 'भाव' कांद्याजवळ आला की दर, चेहऱ्याजवळ आला की भावना आणि देवाजवळ आला की श्रद्धा. 'पलांडू'चा अर्थ अगदी बरोबर आहे, पण लासलगावच्या बाजार समितीत पलांडूचा लिलाव होत नाही. 'धारेवर धरणे' हे तर एकच एकक आहे, त्याचे दोन तुकडे केले की दोन्ही निर्जीव होतात. या साऱ्यातून तगला तो फक्त 'शासन'. त्याचाही भरवसा नाही. 'सरकार पडले' म्हणतात, 'शासन पडले' म्हणत नाहीत, आणि 'गुन्हेगाराला कडक शासन झाले' या वाक्यात तोच शब्द शिक्षा होऊन बसतो.

शब्दांच्या जागी पर्याय घालून मजकूर 'नवा' करण्याचा उद्योग आज जगभर चालतो. अडचण पर्यायांच्या तुटवड्याची आहे असे करणाऱ्याला वाटते. प्रत्यक्षात पर्याय हवे तेवढे मिळतात. अडचण अशी की शब्द वाक्यात एकटा कधीच नसतो. लिंग, विभक्ती, शेजारचे शब्द, बोलणाऱ्याचे समोरच्याशी असलेले नाते, त्या विषयाची परिभाषा, प्रदेश, इतिहास या सगळ्यांशी तो बांधलेला असतो. शब्द उचलला की हे सगळे ताणले जाते. मराठीच्या बाबतीत हा ताण कुठे कुठे जाणवतो आणि याआधी हा प्रयोग कोणी कसा केला, ते पाहण्यासारखे आहे.

आधी आजची स्थिती. इंग्रजीत या प्रकाराला २०१४च्या सुमारास एक नाव मिळाले. लंडनच्या मिडलसेक्स विद्यापीठातील प्राध्यापक ख्रिस सॅडलर यांना विद्यार्थ्यांच्या निबंधांत 'सिनिस्टर बटक्स' असा विचित्र प्रयोग आढळला. मूळ शब्द होते 'लेफ्ट बिहाइंड', म्हणजे मागे राहिलेले. 'लेफ्ट' म्हणजे डावा, आणि लॅटिनमध्ये डाव्याला 'सिनिस्टर' म्हणत; 'बिहाइंड' म्हणजे पार्श्वभागही. विद्यार्थ्याने उचललेला मजकूर लपवण्यासाठी शब्दागणिक पर्याय घातले होते. रॉजेटच्या प्रसिद्ध पर्यायकोशावरून सॅडलर यांनी या प्रकाराला 'रॉजेटिंग' म्हटले.

विद्यार्थ्यांचे निबंध एक वेळ सोडून देता येतील. २०२१मध्ये गियोम काबानाक, सिरिल लाबे आणि अलेक्झांडर मागाझिनोव्ह या तीन संशोधकांनी दाखवलेली गोष्ट मात्र सोडून देण्यासारखी नव्हती. छापून आलेल्या वैज्ञानिक निबंधांतच असे शब्दप्रयोग सापडत होते. 'आर्टिफिशियल इंटेलिजन्स'च्या जागी 'काउंटरफिट कॉन्शसनेस', म्हणजे बनावट जाणीव. 'सिग्नल टू नॉइज'च्या जागी 'फ्लॅग टू क्लॅमर', म्हणजे संदेश आणि गोंगाट यांच्या प्रमाणाऐवजी झेंडा आणि कलकलाट. 'ब्रेस्ट कॅन्सर'च्या जागी 'बुझम पेरिल', म्हणजे उरावरचे संकट. 'किडनी फेल्युअर'मध्ये मूत्रपिंड निकामी होण्याऐवजी त्याची 'डिसअपॉइंटमेंट', म्हणजे निराशा झाली होती. या संशोधकांनी अशा शब्दांना 'टॉर्चर्ड फ्रेझेस' म्हणजे छळलेले शब्दप्रयोग असे नाव दिले आणि ते हुडकणारी संगणकीय चाळणी उभारली. हे निबंध संपादक आणि परीक्षक यांच्या हातांखालून गेले होते. मूत्रपिंडाची निराशा वाचून कोणी थांबले नाही, ही मला यातली सर्वांत काळजीची गोष्ट वाटते. उद्या कोणी रोगाच्या नावाने जुने संशोधन शोधू लागला तर असा निबंध त्याला सापडणारही नाही.

आपल्याकडे या गोष्टीला नियमांचा संदर्भ आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाने २०१८मध्ये वाङ्मयचौर्य रोखण्यासाठी विनियम आणले. त्यांत साम्याच्या टक्केवारीनुसार पायऱ्या आहेत: १० टक्क्यांपर्यंत साम्य असेल तर दंड नाही, त्यापुढे ४० टक्क्यांपर्यंत, मग ६० टक्क्यांपर्यंत आणि त्याहून अधिक, अशा चढत्या कारवाया. हेतू चांगलाच होता. पण टक्केवारी हाती आली की ती खाली आणण्याचे उपाय निघतात, आणि पर्यायी शब्द हा सगळ्यांत स्वस्त उपाय. प्रबंधाचा मजकूर यंत्रात घालायचा, शब्द बदलून घ्यायचे, टक्का पुन्हा मोजायचा. खरे तर त्याच विनियमांत वाङ्मयचौर्याची व्याख्या दुसऱ्याचे काम किंवा कल्पना आपली म्हणून दाखवणे अशी आहे. म्हणजे शब्द सगळे बदलले तरी कल्पना उचललेलीच राहते. साम्य मोजताना सर्वसाधारण संज्ञा, कायदे, प्रमाण चिन्हे आणि समीकरणे वगळण्याची तरतूदही त्यांत आहे. ज्या शब्दांना हात लावायची गरजच नव्हती, तेच भीतीपोटी बदलले जातात.

मराठीत हे करणे इंग्रजीहून अवघड जाते आणि त्याचे पहिले कारण व्याकरण आहे. 'तिचे जुने पुस्तक हरवले होते, ते मला सापडले' या वाक्यात 'पुस्तक' काढून 'ग्रंथ' घातला की 'तिचा जुना ग्रंथ हरवला होता, तो मला सापडला' असे करावे लागते. 'पोथी' घातली तर 'तिची जुनी पोथी हरवली होती, ती मला सापडली'. एक नाम बदलले आणि वाक्याचा बराचसा भाग त्याच्यामागून बदलला. झाड नपुंसकलिंगी, वृक्ष पुल्लिंगी, वेल स्त्रीलिंगी. घर नपुंसकलिंगी, वाडा पुल्लिंगी, वास्तू स्त्रीलिंगी. इंग्रजीसाठी बनवलेली युक्ती मराठीत आणणाऱ्याला याची कल्पना नसते.

क्रियापद बदलले तर आणखी खोल पडझड होते. 'तो पाणी प्यायला' हे वाक्य घ्या. 'पिणे'चा भारदस्त पर्याय 'प्राशन करणे'. पण 'तो पाणी प्राशन केला' असे मराठी नाही. 'त्याने पाणी प्राशन केले' असे म्हणावे लागते. कर्तरी प्रयोगाचा कर्मणी प्रयोग झाला, कर्त्याला 'ने' लागला आणि क्रियापद कर्त्याला सोडून पाण्याच्या मागे गेले. 'ती गाणे शिकली', पण 'तिने गाणे आत्मसात केले'. पिणे, शिकणे, विसरणे, बोलणे अशी मोजकी क्रियापदे सकर्मक असूनही भूतकाळात कर्त्याला धरून चालतात, त्यांचे पर्याय मात्र बहुधा तसे चालत नाहीत. विभक्तीचेही तेच. तो परीक्षेला घाबरतो, पण परीक्षेची धास्ती घेतो. कोश 'घाबरणे' आणि 'धास्ती घेणे' शेजारी शेजारी छापतो. त्यांतल्या एकाला 'ला' लागतो आणि दुसऱ्याला 'ची', हे तो सांगत नाही, कारण ज्याला भाषा येते त्याच्यासाठी तो लिहिलेला असतो.

सामान्यरूपाची अडचण यंत्राची आहे. कोशात 'पाणी' सापडते. मजकुरात 'पाण्यात', 'पाण्याखालून', 'पाण्यावाचून' असते, समासात तर नुसते 'पाण' उरते, जसे पाणवठा किंवा पाणबुडी. मूळ शब्द ओळखायचा, पर्याय निवडायचा आणि त्याचे पुन्हा योग्य सामान्यरूप करायचे, अशा तीन पायऱ्या आहेत. प्रत्येक पायरीवर चूक होऊ शकते.

समजा हे सगळे व्याकरण साधले. पाण्याची कथा तरीही संपत नाही. अमरकोशाच्या वारिवर्गात पाण्यासाठी वीसहून अधिक शब्द आहेत. सलिल, जल, तोय, नीर, उदक, अंबु हे ओळखीचे. त्यांच्याबरोबर कमल, जीवन, भुवन, वन, क्षीर, कबंध हेही पाण्याचेच शब्द म्हणून दिले आहेत. गावोगावच्या पाणीपुरवठा योजना आखणाऱ्या महाराष्ट्र जीवन प्राधिकरणाच्या नावातला 'जीवन' या जुन्या अर्थाचीही आठवण देतो. पण नळाला जीवन आले असे कोणी म्हणत नाही, जलही आले म्हणत नाही. नळाला पाणीच येते. धरणात जलसाठा असतो, तो घरात आल्यावर पाणी होतो आणि त्याच्यावर पाणीपट्टी बसते. देवापुढे तीर्थ असते. बुडालेल्या पैशांवर आपण पाणी सोडतो, तिथे उदकही सोडता येते, नीर सोडता येत नाही. एखाद्याला पाण्यात पाहतात, पाणी पाजतात, त्याचे पाणी जोखतात, कुठे पाणी मुरते ते शोधतात. यांतल्या कुठल्याही पाण्याला पर्याय नाही.

अमरकोशाच्या कर्त्याला, अमरसिंहाला, हे ठाऊक होते, असे त्याच्या ग्रंथाची रचनाच सांगते. ग्रंथाचे खरे नाव 'नामलिंगानुशासन'. नामांबरोबर त्यांचे लिंगही सांगितले पाहिजे, हे शीर्षकातच आहे. तिसऱ्या कांडात नानार्थवर्ग आहे, म्हणजे एकाच शब्दाचे अनेक अर्थ. पर्यायांची यादी देणाऱ्यानेच त्या यादीवरची सावधगिरीची सूचना त्याच ग्रंथात जोडून दिली. रॉजेटचेही तसेच. पीटर मार्क रॉजेट हा इंग्लंडमधला वैद्य; त्याने १८०५पासून स्वतःसाठी जमवलेली शब्दसूची १८५२मध्ये कोश म्हणून छापली आणि ती अक्षरानुक्रमाने न लावता कल्पनांच्या हजार शीर्षकांखाली लावली. कल्पना मनात आहे आणि शब्द सापडत नाही, अशा लेखकासाठी ती होती. शब्द हातात आहे आणि कल्पना माहीत नाही, अशा माणसाच्या हाती हे दोन्ही ग्रंथ उलटे धरले जातात.

मराठीत शब्दाची निवड नाते दाखवते. वडील येतात, बाप येतो. एकात आदरार्थी बहुवचन, दुसऱ्यात एकवचन, आणि तरी बापाची माया म्हणताना तोच शब्द जवळचा. स्वतःची ती आई, दुसऱ्याच्या त्या मातोश्री. मृत्यूच्या बाबतीत तर पर्याय निवडताना हात थरथरावा अशी स्थिती आहे. आजोबा वारतात, नेत्याचे निधन होते, सैनिक धारातीर्थी पडतो, स्वातंत्र्यासाठी प्राण देणारा हुतात्मा होतो, संत समाधिस्थ होतात, बिबट्या मेलेला आढळतो, डॉक्टरांच्या दाखल्यावर फक्त मृत्यू असतो. ६ डिसेंबरला बाबासाहेब आंबेडकरांचा महापरिनिर्वाण दिन असतो. त्या शब्दात १९५६च्या धम्मदीक्षेचा संदर्भ आहे, आणि तिथे 'पुण्यतिथी' किंवा 'स्वर्गवास' घालणारा माणूस त्या दीक्षेचा अर्थच पुसतो. 'कैलासवासी' आणि 'पैगंबरवासी' हे शब्द कोशात जवळ ठेवता येतील, घरात ठेवता येत नाहीत.

प्रदेशानेही पर्याय फिरतात. विदर्भात सांभार म्हणजे कोथिंबीर. पुण्यातल्या घरात रोजच्या जेवणाला पोळी असते. महाराष्ट्रातल्या अनेक घरांत त्याच पदार्थाला चपाती म्हणतात आणि पोळी म्हटले की सणाची पुरणपोळी. पाककृतीच्या पुस्तकात यंत्राने हे शब्द अदलाबदल केले तर स्वयंपाक बिघडेल, एवढे तरी लगेच कळेल. इतर ठिकाणी बिघाड लवकर कळत नाही.

कायदा ही अशी जागा. चोरी, जबरी चोरी आणि दरोडा हे बोलण्यात एकमेकांच्या जागी येतात. कायद्यात ते तीन वेगळे गुन्हे आहेत. दरोड्यासाठी पाच किंवा अधिक माणसे लागतात. हे १८६०च्या भारतीय दंड संहितेत होते आणि १ जुलै २०२४पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेतही आहे. जमीन महसुलाच्या प्रकरणात अपील, पुनरीक्षण आणि पुनर्विलोकन असे तीन मार्ग असतात. शेतकऱ्याच्या अर्जात एकाच्या जागी दुसरा शब्द आला तर अर्जाचा मार्गच बदलतो. आरोपी, संशयित, दोषी, गुन्हेगार या चार शब्दांमध्ये एका माणसाची अब्रू असते. न्यायालयाने निकाल देण्याआधी 'आरोपी'ऐवजी 'गुन्हेगार' लिहिणारा बातमीदार शैली बदलत नसतो, निकाल देत असतो.

विज्ञानात चाल, वेग आणि त्वरण या तीन वेगळ्या राशी आहेत. शाळेच्या पाठ्यपुस्तकात चालीला दिशा नसते, वेगाला असते. वस्तुमान किलोग्रॅममध्ये मोजतात, वजन न्यूटनमध्ये. बल, शक्ती, ऊर्जा हे शब्द घरी एकच, भौतिकशास्त्राच्या वहीत तीन. 'उत्तर स्वतःच्या शब्दांत लिहा' अशी सूचना आपण मुलांना करतो आणि ती योग्यच आहे. पण कोणते शब्द स्वतःचे करायचे आणि कोणते जसेच्या तसे ठेवायचे, हे शिकवायचे राहून जाते. मग हुशार मूल 'वेग'ऐवजी 'गती' लिहिते आणि त्याला गुण का गेला ते कळत नाही.

समाजांना दिलेल्या नावांबद्दल मी अधिक आग्रही आहे. बहिष्कृत, अस्पृश्य, हरिजन, दलित, अनुसूचित जाती हे शब्द एखाद्या पर्यायकोशात एका ओळीत येऊ शकतील. त्यांतला प्रत्येक शब्द कोणी, कधी आणि कोणाच्या विरोधात उच्चारला याचा इतिहास आहे. आंबेडकरांनी १९२४मध्ये स्थापन केलेल्या सभेचे नाव बहिष्कृत हितकारिणी सभा आणि १९२७मध्ये काढलेल्या पत्राचे नाव 'बहिष्कृत भारत'. तो शब्द वस्तुस्थितीचा जाहीर आरोप होता. 'हरिजन' गांधीजींनी रूढ केला आणि आंबेडकरी चळवळीने तो नाकारला. 'दलित' हा पुढे साहित्याचा आणि लढ्याचा शब्द झाला, 'अनुसूचित जाती' हा संविधानाचा. महाडच्या सत्याग्रहावरचा उतारा पर्याय घालून फिरवला तर वाक्ये व्याकरणशुद्ध राहतील आणि इतिहास खोटा होईल.

इथपर्यंत लपवण्यासाठी केलेल्या अदलाबदलीचा विचार झाला. पण मराठीत शब्द बदलण्याचे उघड आणि प्रामाणिक प्रयत्नही झाले आहेत, आणि त्यांचे फळ समसमान नाही. शिवाजी महाराजांच्या आज्ञेने रघुनाथपंत हणमंते यांच्या देखरेखीखाली 'राज्यव्यवहारकोश' तयार झाला. फारसी आणि दखनी राज्यकारभाराच्या शब्दांना त्यात संस्कृत प्रतिशब्द दिले आहेत. अष्टप्रधानांची नावे बदलली: मुजुमदाराचा अमात्य, सुरनिसाचा सचिव, वाकनिसाचा मंत्री, डबीराचा सुमंत, सरनोबताचा सेनापती, पेशव्याचा मुख्य प्रधान. राज्याने ठरवले म्हणून पदे बदलली. पण शिक्क्यावर मुख्य प्रधान कोरलेले असले तरी लोकांच्या तोंडी पेशवेच राहिले, आणि मुजुमदार, डबीर ही आडनावे आजही आहेत. नंतर तेच शब्द नव्या कामाला आले. पंतप्रधान, मंत्री, सचिव हे आज आपले रोजचे शब्द आहेत, ते त्या व्यवस्थेची आठवण घेऊन आले. त्याच वेळी कागद, किल्ला, फौज, जमीन, दप्तर कोणी हलवू शकले नाही.

सावरकरांच्या भाषाशुद्धीतून आलेले महापौर, दिग्दर्शक, हुतात्मा हे शब्द रुजले. माझ्या मते याचे कारण असे की पद, व्यवसाय किंवा कल्पना नवी होती आणि जुन्या शब्दाला वाक्प्रचारांची मुळे फुटलेली नव्हती. याउलट 'तारीख' पाहा. अर्जावर 'दिनांक' आला, पत्राच्या कोपऱ्यात बसला. पण न्यायालयात तारीखच पडते आणि लग्नाची तारीखच ठरते. एकाच शब्दाची अर्धी जागा पर्यायाने घेतली, अर्धी मिळाली नाही. राज्य स्थापन झाल्यावर १९६०मध्ये भाषा संचालनालय निघाले आणि १९६२मध्ये 'पदनाम कोश' आला. आचार्य अत्रे यांनी त्याला 'बदनाम कोश' म्हणून झोडपले. आज मागे वळून पाहता अत्र्यांची टीका काही शब्दांना लागू पडली आणि काहींना नाही. जिल्हाधिकारी, उपसंचालक, अधीक्षक हे शब्द आज कोणाला जड वाटत नाहीत, तरी गावात कलेक्टर साहेबच येतात. कोशकारांनी एका पदासाठी एक शब्द दिला होता. भाषेने दोन्ही ठेवले आणि एक कागदाला, एक बोलण्याला वाटून दिला.

तिसरा प्रकार नकळत होणाऱ्या बदलाचा. हस्तलिखिते उतरवणारा लेखनिक जुना शब्द कळला नाही की ओळखीचा शब्द घालतो. ज्ञानेश्वरीच्या पाठात असे पुष्कळ झाले असावे, कारण एकनाथांनी शके १५०६मध्ये, म्हणजे १५८४ साली, प्रती जमवून ती शुद्ध केली आणि यापुढे कोणी आपली ओवी त्यात घालू नये असे बजावले. पुण्याच्या भांडारकर संस्थेने महाभारताची चिकित्सक आवृत्ती १९१९मध्ये हाती घेतली, आदिपर्वाचा खंड विष्णू सीताराम सुकथनकरांच्या संपादनाखाली १९३३मध्ये पूर्ण झाला आणि सारे काम १९६६मध्ये. बाराशेंहून अधिक हस्तलिखिते तपासली गेली. छंदात मात्रा सारख्या असल्या की समानार्थी शब्द सहज अदलाबदल होतात, आणि तळटीपांत अशा पाठभेदांची रीघ लागते. पाठचिकित्सेचा एक जुना नियम असा की दोन पाठांपैकी अवघड पाठ बहुधा मूळचा, कारण लेखनिक सोप्याकडे जातो, अवघडाकडे जात नाही.

या प्रश्नाचा सर्वांत नेमका विचार मला काश्मीरच्या साहित्यशास्त्रात दिसतो. आठव्या-नवव्या शतकातल्या वामनाने परिपक्व रचनेची खूण अशी सांगितली की तिच्यातले शब्द बदल सोसत नाहीत. मम्मटाने अकराव्या शतकात त्याची कसोटी केली. शब्दाच्या जागी पर्याय घाला. चमत्कृती गेली तर तो शब्दालंकार, राहिली तर अर्थालंकार. म्हणजे पर्याय घालून पाहणे हे त्याच्यासाठी वाचनाचे साधन होते, लिहिण्याचे नव्हते. कुंतकाने तर 'पर्यायवक्रता' असा एक प्रकारच मानला. 'कुमारसंभवा'च्या पाचव्या सर्गात ब्रह्मचाऱ्याच्या वेषात आलेले शंकर पार्वतीसमोर शंकरांचीच निंदा करतात. तिथे कालिदासाने शिवाच्या शेकडो नावांमधून 'कपाली' निवडले. कवटी धारण करणारा. 'पिनाकी' म्हटले असते तर धनुर्धर वीर डोळ्यांपुढे आला असता आणि निंदेचा सूरच गेला असता. देव तोच, व्यक्ती तीच, आणि तरी नाव बदलताच वाक्य काय करते आहे ते बदलते.

यंत्रांनी हाच धडा आपल्या रीतीने घेतला. प्रिन्स्टनमध्ये जॉर्ज मिलर यांनी १९८५पासून 'वर्डनेट' उभारायला घेतले. त्यात एकक शब्द नसून अर्थ आहे. एका अर्थाचे शब्द एका संचात, आणि एक शब्द जितके अर्थ तितक्या संचांत. मुंबईच्या आयआयटीत पुष्पक भट्टाचार्य यांच्या नेतृत्वाखाली हिंदीचे आणि त्याच्या आधाराने मराठीचे वर्डनेट झाले. त्यामुळे 'पक्ष' शब्दाचे संच वेगळे मिळतात, पण या वाक्यात कोणता, हे ठरवायचे उरतेच. २००७मध्ये इंग्रजीसाठी एक सामायिक चाचणी झाली: २०१ शब्द, प्रत्येकाची दहा वाक्ये, त्या त्या वाक्यात बसेल असा पर्याय सुचवायचा. माणसांनी सुचवलेल्या पर्यायांतच एकमत एक तृतीयांशाहून कमी भरले. ती भाषा मातृभाषा असणाऱ्यांचे जिथे जुळत नाही, तिथे एका शब्दाला एक ठरलेला पर्याय देणारे यंत्र कसे चालणार?

२०१३नंतर शब्दांच्या शेजारावरून त्यांचा अर्थ आकड्यांत मांडणारी तंत्रे पसरली. शेजाराचे महत्त्व त्यांनी बरोबर ओळखले, पण त्यातून वेगळा धोका आला. 'भाव वाढले' आणि 'भाव घसरले' यांचा शेजार एकच, म्हणून वाढणे आणि घसरणे ही यंत्राला जवळची वाटतात. आता मोठी भाषा-प्रारूपे पूर्ण वाक्य वाचून पूर्ण वाक्य लिहितात. प्रतिकूल पंधरवडा ती सहसा लिहिणार नाहीत. लिंग आणि विभक्ती पुष्कळदा सांभाळतील. त्यामुळे चूक दिसेनाशी होते, हीच आता अडचण आहे. गुळगुळीत परिच्छेदात 'आरोपी'चा 'गुन्हेगार' झाला, 'वस्तुमान'चे 'वजन' झाले किंवा 'बहिष्कृत'चे 'वंचित' झाले तर वाचकाला ठेच लागत नाही.

मग दुसऱ्याचा मजकूर आपल्या शब्दांत मांडायचा तरी कसा? मराठीतले थोर उदाहरण ज्ञानेश्वरीच आहे. गीतेच्या ७०० श्लोकांवर सुमारे ९००० ओव्या. तिथे शब्दाला शब्द नाही. श्लोक समजून घेऊन श्रोत्यांसमोर तो पुन्हा उभा केला आहे, आणि मूळ कोणाचे ते कधी लपवलेले नाही. विनोबांची 'गीताई' श्लोकाला श्लोक अशी आहे, तरी वाचताना ती मराठी वाटते, कारण तिच्यात वाक्य मराठीत बसवलेले आहे. आपल्या प्रबंधांना एवढी उंची नको. उतारा वाचून पुस्तक मिटावे, त्याने काय सांगितले ते आपल्या सहकाऱ्याला बोलून दाखवावे, मग लिहावे, पारिभाषिक शब्द तसेच ठेवावेत, जिथे लेखकाचेच शब्द हवेत तिथे अवतरणचिन्हे घालावीत आणि त्याचे नाव लिहावे. याला वेळ लागतो. टक्का खाली आणणाऱ्या यंत्राला काही सेकंद लागतात. म्हणून विद्यार्थ्याला एकट्याला दोष देऊन भागणार नाही. मार्गदर्शकाने टक्केवारीच्या अहवालावर सही करण्याआधी प्रबंधाची दोन-चार पाने समोर घ्यावीत, कोणत्याही एका वाक्यावर बोट ठेवावे आणि त्याचा अर्थ विद्यार्थ्याच्या तोंडून ऐकावा.